गारवेलीची जोपासना : रोगलक्षण आणि उत्परिवर्तन यांतील विवेक

आनुवंशिकी, पुष्पधारणेचे शरीरक्रियाविज्ञान आणि फुलांच्या रंगाचे रसायन या तीन शाखांच्या अभ्यासकांस एकाच कुंडीत कामाचे साहित्य पुरविणाऱ्या वनस्पती फार नाहीत. काळादाणा किंवा नीलपुष्पी या नावाने परिचित असलेली गारवेल, म्हणजे आयपोमिया निल, ही त्यांपैकी एक होय. तिची लागवड सोपी आहे असे सर्वसाधारणपणे मानले जाते, आणि कुंपणावर फुले हवी असणाऱ्या गृहस्थाच्या दृष्टीने ते खरेही आहे. बी पेरावे, आधार द्यावा, पाणी घालावे. वेल आपले काम करते. परंतु ज्यास या वेलीच्या वाणांचा संग्रह राखावयाचा आहे त्याच्यापुढील प्रश्न निराळा आहे. या वनस्पतीचे संशोधनातील मोल तिच्या विकृत रूपांत आहे. चुरडलेली पाने, चिरफाळलेला पुष्पमुकुट, पानांवरील पांढरे डाग, सरळ न चढता लोंबणारे खोड, यांसाठीच ती जतन केली जाते. आणि नेमकी हीच लक्षणे कीड आणि रोगही निर्माण करतात. यास्तव गारवेलीच्या बाबतीत पीकसंरक्षण हा माळ्यावर सोपविण्याचा विषय राहत नाही. तो आनुवंशिकीच्या निरीक्षणाचाच एक भाग होतो. प्रस्तुत लेखात त्याच दृष्टीने काही विचार मांडले आहेत.

या विवेकाची गरज मला प्रथम स्वतःच्या चुकीमुळे पटली. रोपांच्या एका ताटात तिसऱ्या पानापासून पुढची पाने जाड, अरुंद आणि कडांना खाली वळलेली असे एक रोप आढळले. मी त्यास तांबडा दोरा बांधला, स्वपरागणाने बी धरले, वेगळ्या पाकिटात ठेवले आणि पुढील हंगामात मोठ्या उत्साहाने पेरले. सर्व संतती सपाट पानांची निघाली. पहिल्या वर्षी त्या रोपाच्या शेंड्यातील कोवळे पान उलटून भिंगाखाली पाहिले असते तर हे वर्ष वाचले असते. रोपगृहापासून काही पावलांवर मिरचीचा वाफा होता आणि त्या मिरचीवर, ज्यास शेतकरी चुरडा-मुरडा किंवा बोकड्या म्हणतात तो विकार उघडपणे दिसत होता. त्याच्या कारणांपैकी एक असलेला पिवळसर, जवळजवळ पारदर्शक कोळी लांबीने पाव मिलिमीटरही भरत नाही. नुसत्या डोळ्यास तो दिसत नाही. दिसते ती केवळ त्याची करणी.

नाते आणि नाव

हरिणपदी कुलातील आयपोमिया ही मोठी प्रजाती असून तीत सहाशेहून अधिक जाती गणल्या जातात. महाराष्ट्रातील वाचकांस यांपैकी कित्येक ओळखीच्या आहेत. उपवासाचे रताळे, तळ्याकाठची नाळीची भाजी, कोकणच्या पुळणीवर पसरणारी मर्यादवेल, बागेतील गणेशवेल आणि ओढ्यानाल्यांच्या काठी माजलेली बेशरम ही सर्व एकाच प्रजातीची भावंडे होत. हे नाते केवळ वर्गीकरणाच्या सोयीचे नाही. कीटक आणि विषाणू ते ओळखतात, आणि पुढे दिसून येईल की गारवेलीच्या बऱ्याचशा शत्रूंचे मूळ घर रताळ्याच्या वाफ्यात असते.

‘निल’ हे जातिवाचक नाम आपल्या ‘नील’ या शब्दाच्याच कुळातील आहे. असे असले तरी या जातीचा उगम अमेरिकेच्या उष्ण प्रदेशात झाला असे आज मानले जाते. आशियात ती फार पूर्वी पोहोचली. चीनमधून जपानात ती आठव्या शतकाच्या सुमारास गेली ती फुलासाठी नव्हे, तर बियांच्या रेचक गुणासाठी. आपल्याकडेही काष्ठौषधींच्या दुकानात काळादाणा याच कारणाने विकला जात आला आहे. बियांतील राळयुक्त द्रव्य तीव्र रेचक असल्यामुळे प्रयोगशाळेत बियांच्या पाकिटांवर तशी सूचना असणे योग्य.

जपानात मात्र औषधी बियांची ही वेल शोभेची झाली, आणि एकोणिसाव्या शतकात तिच्या चित्रविचित्र रूपांचे वेड दोनदा पसरले : प्रथम १८०४ ते १८३० या काळात आणि पुन्हा १८४८ ते १८६० च्या दरम्यान. मेंडेलचे प्रयोग १८६५ साली वाचले गेले. त्यापूर्वीच एदो आणि ओसाका येथील हौशी लोक दोन वा तीन अप्रभावी गुण एकाच रोपात आणीत होते आणि जी रूपे स्वतः बी धरीत नाहीत ती त्यांच्या साध्या दिसणाऱ्या भावंडांच्या बियांतून वर्षानुवर्षे टिकवीत होते. त्यांनी नियम शब्दांत मांडला नाही. पण कोणत्या रोपाचे बी ठेवावे हे त्यांना ठाऊक होते.

या विविधतेचे कारण १९९४ नंतर उलगडू लागले. ठिपकेदार फुलांच्या एका वाणात रंगद्रव्याच्या निर्मितीस आवश्यक असलेल्या जनुकात सुमारे ६,४०० आधारक-जोड्यांचा एक चल घटक शिरलेला आढळला. त्यास टीपीएन-१ असे नाव देण्यात आले. २०१६ साली या जातीच्या समग्र जनुकसंचाचा अनुक्रम प्रसिद्ध झाला. गुणसूत्रांच्या १५ जोड्यांत सुमारे ७५ कोटी आधारक-जोड्या आहेत आणि त्यांत या घटकाच्या कुटुंबातील तीनशेहून अधिक प्रती विखुरलेल्या आहेत. बहुसंख्य प्रसिद्ध उत्परिवर्तने त्यांच्याच स्थलांतराची फळे होत. केसरदले आणि किंजदले यांच्या जागी पाकळ्यांचे थर देणारे दुहेरी फूल हे त्यांतील एक उदाहरण. तेथे हा घटक पुष्पावयवांची ओळख ठरविणाऱ्या जनुकात शिरला आहे. असे फूल बी धरू शकत नाही. म्हणून संग्रहातील अशा वाणाचे अस्तित्व सर्वस्वी त्याच्या विषमयुग्मजी भावंडांवर अवलंबून असते, आणि ती भावंडे दिसावयास अगदी सामान्य असतात.

पेरणीचे गणित

बीजावरण कठीण आणि जलरोधक असल्यामुळे न चिरलेले बी आठवडेच्या आठवडे मातीत पडून राहते. नाभीच्या विरुद्ध बाजूस धारदार चाकूने लहानशी खाच पाडणे हा साधा उपाय. शेकडो बिया असल्यास तीव्र गंधकाम्लात सुमारे अर्धा ते पाऊण तास ठेवून नंतर वाहत्या पाण्यात रात्रभर धुणे हा प्रयोगशाळेचा उपाय. दुसऱ्या पद्धतीत जुन्या व नव्या बियांस एकच कालावधी लावणे धोक्याचे असते. प्रथम दहा बियांवर अजमावून पाहणे बरे. सुमारे २५ अंश तापमानात चिरलेले बी दोन ते चार दिवसांत रुजते आणि मध्ये खोल खाच असलेल्या दोन दलिका वर येतात. कित्येक उत्परिवर्तने या दलिकांच्या आकारावरूनच ओळखता येतात. म्हणजे निवडीचा क्षण आणि रोपाच्या आयुष्यातील सर्वांत नाजूक आठवडा हे दोन्ही एकच.

याच आठवड्यात रोपे कोलमडतात. पिथियम आणि रायझोक्टोनिया यांमुळे जमिनीलगत खोड पाणथळ होते, आकसते आणि हिरवे रोप आडवे पडते. गृहस्थाची दहा रोपे गेली तर तो पुन्हा पेरतो. संग्रहकर्त्याचे नुकसान कसे होते हे थोड्या हिशेबाने स्पष्ट होईल. एका अप्रभावी जनुकाचे रूप चौघांत एक, परस्परांशी संलग्न नसलेल्या दोन जनुकांचे सोळांत एक आणि तिहींचे चौसष्टांत एक या प्रमाणात प्रकटते. निदान एक तरी इष्ट रोप मिळण्याची संभाव्यता शेकडा ९५ असावी असे वाटत असेल तर अनुक्रमे ११, ४७ आणि १९१ रोपे दलिकांच्या अवस्थेपर्यंत सुखरूप पोहोचली पाहिजेत. एकतृतीयांश रोपे कोलमडणार असतील तर १९१ ऐवजी सुमारे २८७ बिया रुजवाव्या लागतील, आणि एका बोंडात बिया असतात त्या फार तर सहा. शिवाय मर निःपक्षपाती नसते. तीन उत्परिवर्तने वाहणारे रोप मुळातच क्षीण असते, सावकाश वाढते, आणि कवकास अधिक दिवस उघडे राहते. परिणामी जिवंत रोपांतील प्रमाण अपेक्षेहून खाली घसरते. अशा ताटातील आकडे घेऊन काई-वर्ग कसोटी लावणाऱ्या विद्यार्थ्यास संलग्नतेचा भास झाल्यास नवल नाही. म्हणून मेलेली रोपेही मोजली पाहिजेत, आणि शक्य असल्यास त्यांच्या दलिकांच्या आकाराची नोंद केली पाहिजे.

उपाय जुनेच आहेत. एकदा वापरलेली माती वाफेने किंवा उन्हाने तापवून निर्जंतुक करावी, बी उथळ पेरावे, पाणी सकाळी द्यावे म्हणजे पृष्ठभाग रात्रीपूर्वी सुकतो, आणि एका वाणाच्या सर्व बिया एकाच ताटात कदापि पेरू नयेत. माझ्या मते शेवटचा नियम सर्व कवकनाशकांहून मोलाचा आहे. संग्रहातील निम्मे बी कोरड्या, थंड जागी राखून ठेवणे हा त्याचाच दुसरा अर्थ. अप्रभावी वाण राखताना सामान्य दिसणाऱ्या भावंडांपैकी सरासरीने तिघांतील दोन विषमयुग्मजी असतात. त्यांपैकी पाच रोपांचे बी वेगवेगळे धरले तर पाचही शुद्ध सामान्य निघून वाण हातचा जाण्याची शक्यता २४३ त एक इतकीच उरते. एकाच रोपावर विसंबले तर ती तीनांत एक असते.

आपल्या अक्षांशावर रात्रीच्या लांबीचा विचारही करावा लागतो. ही वनस्पती ऱ्हस्वदिनी आहे. ‘व्हायोलेट’ नावाचा प्रयोगशाळेतील प्रसिद्ध वाण तर दलिकांच्या अवस्थेत १६ तासांची एकच अंधारी रात्र मिळाली तरी कळी धरतो, आणि त्या रात्रीच्या मध्यावर काही मिनिटांचा तांबडा प्रकाश दिल्यास तो परिणाम पुसला जातो. जपानच्या उन्हाळ्यातील रात्रीस जुळलेल्या अशा वाणांस पुण्यातील सर्वांत लहान रात्रही, म्हणजे जूनमधील सुमारे पावणेअकरा तासांचा काळोख, पुरेशी लांब ठरते. त्यामुळे वेल हातभर होण्यापूर्वीच फुलू लागते आणि बी थोडे मिळते. भरपूर बी हवे असल्यास पहिले काही आठवडे मध्यरात्री दिवा लावून रात्र खंडित करणे इष्ट. खुरटलेल्या, लवकर फुललेल्या वेलीस पाहून मुळे किडली असावीत असा तर्क करण्यापूर्वी हा हिशेब पाहावा. तथापि मुळेही पाहावीत. सूत्रकृमींच्या गाठी असलेली वेल भर दुपारी सुकते व रात्री सावरते. ऱ्हस्वदिनामुळे खुरटलेली तशी सुकत नाही.

सोंग आणि खरे रूप

आता मुख्य प्रश्नाकडे वळू. विलक्षण रोप समोर आहे. ते आनुवंशिक आहे की आजारी?

पानांवरील पांढऱ्या डागांपासून आरंभ करणे सोयीचे आहे, कारण जपानी वाणांत असे डाग फार सामान्य आहेत आणि तो एक अप्रभावी गुण आहे. डाग विखुरलेले असतात, शुभ्र किंवा फिकट असतात, पहिल्या पानांपासून दिसतात आणि शिरांची विशेष पर्वा करीत नाहीत. उलटपक्षी विषाणुजन्य फिकटपणा बहुधा शिरांच्या आश्रयाने जातो : शिरा स्वच्छ व पारदर्शक होणे, त्यांच्या कडेने पिवळा पट्टा येणे, किंवा शिरांमधील भाग पिवळा होणे अशी त्याची रीत असते. शिवाय तो मध्येच सुरू होतो. आठव्या पानापर्यंत निरोगी असलेली वेल नवव्या पानापासून चित्रित होऊ लागली तर आनुवंशिकीपेक्षा पांढऱ्या माशीचा संशय घेणे अधिक शहाणपणाचे. अशा संशयास इतिहासाचाही आधार आहे. ट्यूलिपच्या फुलांवरील ज्या पट्ट्यांचे शतकानुशतके कौतुक झाले ते संसर्गजन्य आहेत हे डोरोथी केली यांनी १९२८ साली दाखविले.

फुलांच्या बाबतीत गारवेल आपणास अधिक मदत करते. चल घटक जनुकातून बाहेर पडल्यामुळे होणारे रंगीत ठिपके व पट्टे यांस स्पष्ट कड असते, कारण प्रत्येक ठिपका एका पेशीच्या वंशजांचा असतो. घटक लवकर निघाला तर केंद्रापासून काठापर्यंत रुंद पट्टा, उशिरा निघाला तर बारीक ठिपका. विषाणूने फुटलेल्या रंगाची कड धूसर असते आणि आकाराचा असा वृद्धिक्रमाशी मेळ बसत नाही.

चुरडलेल्या पानांचा निवाडा सर्वांत कठीण, कारण येथे निदान चार दावेदार आहेत. वर सांगितलेला सूक्ष्म कोळी कोवळ्या शेंड्यास गाठतो. पाने अरुंद, ठिसूळ व खालच्या बाजूने काशासारखी तपकिरी होतात, आणि कोळी नाहीसा केल्यावर त्याच शेंड्यातून नवी पाने सपाट येतात. पर्णगुच्छ विषाणूंमुळे पानांच्या कडा बहुधा वर वळतात व शिरा पिवळ्या पडतात. कोळी मारून या पानांत फरक पडत नाही. शेजारच्या शेतातून वाऱ्याबरोबर आलेले २,४-डी तणनाशक शिरा जवळजवळ समांतर करून पानास पंख्यासारखे रूप देते, आणि ते वाऱ्याच्या बाजूच्या सर्व कुंड्यांत एकाच वेळी दिसते. उत्परिवर्तन असे रांगेने येत नाही. खरे उत्परिवर्तन पहिल्या पानापासून, बहुधा दलिकांपासूनच, प्रत्येक पेऱ्यावर सारखे असते. यांत एक अपवाद ध्यानात ठेवावा. चल घटक कार्यकारी पेशीत निघून गेला तर एखादी फांदी एकाएकी सामान्य होते किंवा सामान्य वेलीवर विलक्षण फांदी येते. अशा वेळी विलक्षणता त्या फांदीपुरती मर्यादित व स्थिर असते. विषाणू इतका शिस्तीने एका फांदीत राहत नाही.

ओझोनची इजा हे पाचवे सोंग. काही वाणांची पाने ओझोनास इतकी संवेदनशील आहेत की जपानात १९७० नंतरच्या दशकात प्रकाशरासायनिक धुरक्याची पाहणी करण्यासाठी गारवेल मुद्दाम लावण्यात येई. ऊन कडक आणि वारा पडलेला अशा दिवसांनंतर पूर्ण वाढलेल्या पानांच्या वरच्या बाजूस शिरांमध्ये बारीक पांढुरके वा तपकिरी ठिपके येतात; अगदी कोवळी पाने सुटतात. पर्णदाग समजून त्यावर कवकनाशक फवारणे म्हणजे औषधाचा अपव्यय. भिंगाखाली कवकाची बीजाणुधारक रचना दिसत नाही, हा निर्णायक पुरावा.

पांढऱ्या तांबेऱ्याविषयी थोडे विस्ताराने लिहिणे प्राप्त आहे. नाव तांबेऱ्याचे असले तरी अल्ब्युगो हा तांबेरा नव्हे, आणि काटेकोर अर्थाने कवकही नव्हे. तो ऊमायसीट वर्गातील, केवड्याच्या रोगकारकांचा आप्त आहे. पानाच्या खालच्या बाजूस पांढरे फोड येतात, बाह्यत्वचा फाटते आणि खडूच्या भुकटीसारखी बीजाणुधानी बाहेर पडते. थंड पाण्याच्या थेंबात तिच्यातून पोहणारे चलबीजाणू निघतात. म्हणून पावसाळ्याच्या अखेरीस, जेव्हा पानांवर सकाळी दव टिकते, तेव्हा त्याचा जोर असतो. येथवर निदान सोपे आहे. अडचण तेव्हा येते जेव्हा संसर्ग खोड, देठ व कळी यांत शिरतो. तेथे पेशींची अतिवृद्धी होऊन भाग सुजतात, वाकतात, फूल बेढब होते, आणि फोड फुटण्यापूर्वीचे काही दिवस ती सूज एखाद्या पुष्पविकृतीच्या उत्परिवर्तनासारखी भासते. अशा कळीचा आडवा छेद घेऊन पेशींच्या मधल्या पोकळीत विभाजनभित्ती नसलेले तंतू दिसतात की काय ते पाहावे. याच सुजलेल्या भागांत जाड भिंतीची निषिक्तबीजे तयार होतात आणि मातीत टिकतात. म्हणून तो भाग कापून जाळावा; खतखड्ड्यात टाकू नये. गंधक किंवा कार्बेन्डॅझिम यांचा या रोगावर उपयोग होत नाही, कारण ती औषधे ज्या क्रियांवर घाला घालतात त्या या वर्गात तशा प्रकारे चालत नाहीत. ताम्रयुक्त औषध आधी, किंवा मेटलॅक्सिलयुक्त मिश्रण लक्षण दिसताच, हाच मार्ग. मोहरीवरील पांढरा तांबेरा मात्र गारवेलीस येत नाही. त्याची जात वेगळी असून प्रत्येकीचा यजमान ठरलेला आहे.

एवढे करूनही शंका उरली तर दोन कसोट्या आहेत. एक संततीची आणि दुसरी कलमाची. स्वपरागणाने मिळालेली सर्व संतती सामान्य निघाली तर गुण आनुवंशिक नव्हता असे मानण्यास भक्कम आधार मिळतो. समयुग्मजी अप्रभावी असता तर सर्व, आणि विषमयुग्मजी प्रभावी असता तर तीनचतुर्थांश संततीत तो दिसला असता. फक्त बाह्यथरापुरते मर्यादित असलेले कायिक उत्परिवर्तन या कसोटीतून निसटते, कारण युग्मके त्या थरातून होत नाहीत. कलमाची कसोटी उलट दिशेने चालते. संशयित फांदी आयपोमिया सेटोसा या ब्राझिलियन जातीच्या रोपावर कलम करावी. रताळ्यावरील विषाणूंची लक्षणे ही जात इतक्या स्पष्टपणे दाखविते की रताळ्याच्या रोगमुक्त बेण्याची तपासणी करणाऱ्या संस्था तिचाच उपयोग करतात. काही आठवड्यांत खुंटाच्या नव्या पानांवर लक्षण उतरले तर ते संसर्गजन्य आहे. आता पॉलिमरेज साखळी अभिक्रियेने काही तासांत उत्तर मिळते हे खरे; परंतु ती ज्या विषाणूसाठी योजली असेल त्याविषयीच बोलते. कलम अज्ञात विषाणूसही पकडते.

रताळ्याचा शेजार

रताळे वेलाच्या तुकड्यांनी लावले जाते. म्हणून एकदा शिरलेला विषाणू पिढ्यान्‌पिढ्या बेण्याबरोबर चालत राहतो, आणि कित्येकदा पानांवर काहीच दिसत नाही. गारवेल बियांपासून वाढते आणि बहुतेक विषाणू बियांच्या चाळणीत अडकतात. तेव्हा गारवेलीचा संग्रह दर वर्षी जवळजवळ स्वच्छ आरंभ करतो आणि शेजारच्या रताळ्यापासून पुन्हा बाधित होतो. संग्रहाजवळ रताळ्याचा वाफा नसावा, हा याचा सरळ निष्कर्ष. उलट बाजूही तितकीच खरी आहे. कुंपणावर सुटलेली गारवेल पीक निघाल्यानंतर विषाणूस आणि किडीस आसरा देते. विभागाच्या आवारातून बी बाहेर सांडू न देणे हे शेजारच्या शेतकऱ्याविषयीचे आपले कर्तव्य आहे.

विषाणू कोण वाहतो यावर उपाय अवलंबून असतो. पर्णगुच्छ विषाणू पांढऱ्या माशीच्या शरीरात शिरून दीर्घकाळ राहतात. ते घेण्यास आणि देण्यास तिला बराच वेळ रस शोषावा लागतो. म्हणून बारीक जाळी, पिवळे चिकट फलक आणि कीटकनाशक यांचा येथे काही उपयोग होतो. मावा मात्र रताळ्यावरील पिच्छचित्रण विषाणू सोंडेच्या टोकावर नेतो. काही सेकंदांचा स्पर्श त्यास पुरतो. औषधाने मावा मरेपर्यंत त्याने आपले काम उरकलेले असते, किंबहुना औषधाने अस्वस्थ झालेला मावा अधिक झाडे चाचपतो. येथे फवारणीपेक्षा बाधित वेल उपटणे श्रेयस्कर.

रताळ्यावरील सोंड्या भुंगा ही दुसरी मोठी आपत्ती. मुंगीसारखा सडपातळ, निळसर काळा आणि तांबड्या उराचा हा कीटक आयपोमियाच्या अनेक जातींवर वाढतो. मादी खोडाच्या तळाशी किंवा मुळात छिद्र करून अंडे घालते, अळी आतून पोखरते, आणि बाहेरून दिसते ते केवळ पिवळे पडणे. मर समजून पाणी तोडण्यापूर्वी तळाचे खोड उभे चिरून पाहावे : भुंगा असल्यास विष्ठेने भरलेले बोगदे, फ्युझेरियमची मर असल्यास वाहिन्यांचा तपकिरी रंग. नरांस आकर्षिणारा कामगंध १९८६ साली ओळखला गेला आणि थिरुवनंतपुरमच्या केंद्रीय कंदपिके संशोधन संस्थेने त्याच्या सापळ्यांचा रताळ्यात प्रसार केला आहे. मात्र सापळ्यात नरच येतात. लहान संग्रहात तो उपायापेक्षा इशारा म्हणून अधिक उपयोगी.

पाने खाणाऱ्या किडींस फार भिण्याचे कारण नाही. कासव भुंगेरे पानांस गोल छिद्रे पाडतात. त्यांच्या अळ्या आपली कात व विष्ठा शेपटीवरील काट्यावर तोलून ढालीसारखी पाठीवर धरतात, ते दृश्य विद्यार्थ्यांस अवश्य दाखवावे. तंबाखूवरील अळी रात्री खाते. शिंगाची मोठी हिरवी किंवा तपकिरी अळी असलेला हरिणपदी पतंग एका दोन रात्रींत कुंडीतील वेल उघडी करतो. खाली पडलेल्या टपोऱ्या लेंड्यांवरून ती वर कोठे बसली आहे हे कळते व हाताने काढता येते. मातीत तिचा कोश सापडल्यास त्याच्या सोंडेचे आवरण किटलीच्या कानासारखे वळलेले आढळते.

शेवटी एका अशा कवकाविषयी, ज्यास रोग समजू नये. आयपोमियाच्या काही जातींत, आयपोमिया निलमध्ये नव्हे, कोवळ्या पानांवरील ग्रंथिल केसांभोवती पेरिग्लँड्युला या प्रजातीचे कवक राहते आणि बियांतून पुढील पिढीत जाते. राईवरील अरगटच्या कुटुंबातील अल्कलॉइडे त्या वेलींत सापडतात ती या कवकाची देणगी असून ती बीजभक्षकांपासून वेलीचे रक्षण करीत असावीत असे मानले जाते. २०११ साली या प्रजातीचे नामकरण झाले. त्याआधीच आयपोमिया असारिफोलिया या जातीवर कवकनाशक वापरले असता कवक आणि अल्कलॉइडे दोन्ही नाहीशी होतात असे दाखविण्यात आले होते. ज्यांच्या संग्रहात अशा जाती आहेत त्यांनी सर्व कुंड्यांवर सरसकट आंतरप्रवाही कवकनाशक फवारल्यास वेल निरोगी दिसेल, पण अभ्यासाचा विषय नष्ट झालेला असेल. फवारणीची तारीख, औषध आणि मात्रा कुंडीच्या पाटीवर वाणाच्या क्रमांकाशेजारीच लिहावी, आणि ज्या कुंड्या औषधापासून वगळल्या त्यांवरही तसे नमूद करावे.